मशीनची शांत

नोकरीतल्या बहुतेक घटना आता एकमेकींत मिसळून गेल्या आहेत. कोणता आरोपी कोणत्या गुन्ह्यातला, हे आठवायला डोकं खाजवावं लागतं. ही एक घटना मात्र अजून लख्ख आठवते, कारण तिच्यात मला एका ड्रिल मशीनने मदत केली.

तेव्हा मी येरवडा भागातल्या ठाण्यात सहायक निरीक्षक होतो. एका भाड्याच्या खोलीत कामगार मृत सापडल्याची खबर आली. माणूस मूळचा विदर्भातला, बिबवेवाडीतल्या एका छोट्या वर्कशॉपमध्ये लोखंडी गेट आणि ग्रील बनवण्याच्या कामावर होता. मृतदेहाशेजारी पाण्याची बादली आणि त्यात पाणी तापवायची कॉइल. त्याची विचारपूस करायला आलेल्या दोन सहकाऱ्यांना तो असा पडलेला दिसला म्हणे. शवविच्छेदनात विजेच्या धक्क्याने मृत्यू असं निघालं. अकस्मात मृत्यूची नोंद झाली, पंचनामा झाला. वर्कशॉपचा मालक स्वतः ठाण्यात आला, हळहळला आणि तब्येत बरी नाही म्हणून हा कामगार त्या दिवशी लवकर घरी गेला होता, असा जबाब देऊन गेला. अंत्यविधीही त्यानेच पुढाकार घेऊन उरकला. इतका कनवाळू मालक पाहिला की मला उगाच शंका यायला लागते.

मृताची बायको धुणीभांडी करायची. घटनेच्या वेळी ती कामावर होती. ती ठाण्यात येऊन एकच गोष्ट सांगायची, "हे कॉइल आमची नाही साहेब. आम्ही तं पाणी ग्यासवर तापवतो."

बाई दुःखात आहे, काहीही बोलते, असं म्हणून अशांना वाटेला लावायची ठाण्यात रीत असते. मला ती कधी पटली नाही. ज्या घरात मोजकं सामान असतं, तिथल्या बाईला आपलं कोणतं आणि परकं कोणतं हे पक्कं ठाऊक असतं. शिवाय प्रश्न साधा नव्हता. कामगार कामावर असताना, कामामुळे गेला, तर मालकाला भरपाई द्यावीच लागते, हजेरीपटावर नाव असो की नसो. घरी गेला, तर मालकाचा संबंध संपला. त्या बाईचं आणि तिच्या शाळेत जाणाऱ्या मुलीचं पुढचं सगळं आयुष्य, हा माणूस मेला कुठे, या एका प्रश्नावर अडकलं होतं.

अशात ठाण्यात एक फोन आला. बोलणारा घाबरलेला होता. "खोलीत काय शोधताय साहेब? वर्कशॉपात जाऊन मशीन बघा," एवढं बोलून त्याने फोन ठेवला. तो कोण होता, हे मी मुद्दामच शोधलं नाही.

तिथल्या ठाण्याला कळवून मी हवालदारांना घेऊन बिबवेवाडीला गेलो. वर्कशॉप जोरात चालू होतं. मालकाने लगेच चहा मागवला. मी मशीन बघत फिरलो. कटर, ग्राइंडर, वेल्डिंगचा सेट, सगळ्यांवर तेलकट काळा थर. कोपऱ्यातल्या ड्रिल मशीनवर मात्र हळदकुंकू, वाळलेला झेंडू, पायाशी अक्षता आणि शेजारी घमेल्यात होमाची राख. वायरही कोरी करकरीत. दसरा तर अजून लांब होता.

वायर जुनी झाली होती म्हणून बदलली, असं मालक म्हणाला. पूजेचं विचारल्यावर त्याने चहाचा कप पुढे केला. मात्र बाहेरच्या चहावाल्याने, शांत करायला सदाशिव पेठेतले गुरुजी आले होते, हे कौतुकाने सांगून टाकलं.

गुरुजींनी दार उघडलं आणि आधी माझ्या पायांकडे पाहिलं. "बूट बाहेर, प्रश्न आत," म्हणाले. मी शांतीचं विचारलं.

"अहो, शांत कशाची करायची हे यजमानांनी सांगितल्याशिवाय संकल्प कसा सोडणार? मशीनवर शॉक लागून माणूस गेला, बाकीचे त्या मशीनला हात लावत नाहीत, असं ते म्हणाले. तसा संकल्प सोडला."

"हे आधी सांगितलं नाहीत?"

"आपण आधी विचारलं होतंत?"

देवासमोर उच्चारलेलं न्यायालयात उच्चारायला हरकत नाही, म्हणत त्यांनी जबाबावर ठसठशीत सही केली.

मालकाला ठाण्यात बोलावलं. मी आवाज चढवला नाही. मशीनची पूजा करायची पद्धतच असते, असं तो म्हणाला. मग बाकीची मशीनं काय नास्तिक आहेत का, असं विचारल्यावर तो हसला. तेव्हा मी म्हणालो, "माणूस खोलीत गेला, तर शांत खोलीची करायची. मशीनची का केलीत?"

त्याचं हसू गळून पडलं. तो म्हणाला, "पोरं कामाला उभीच राहत नव्हती, साहेब."

मालक फुटल्याचं कळताच त्या दोन सहकाऱ्यांनीही तोंड उघडलं. मशीनला अर्थिंग नव्हतं, सांगाड्यात करंट उतरायचा, तक्रार केली की मालक रबरी चप्पल घाला म्हणायचा. मालकाने प्रेत त्यांच्याच हातून टेम्पोने खोलीवर पोचवलं होतं आणि कॉइल वर्कशॉपातली होती. हयगयीने मृत्यू आणि पुरावा नष्ट केल्याचा गुन्हा दाखल झाला. आमच्या तपासाचे कागद भरपाईच्या दाव्यात गेले. कामगार स्वतःच्या बेफिकिरीने मेला, अशी ओरड मालकाच्या वकिलांनी तिथे केली. पण मृत्यूच्या प्रकरणात ती सबब चालत नाही. निकाल बाईच्या बाजूने लागला आणि सगळी रक्कम मालकाला न्यायालयात भरावी लागली. त्या दिवशी आम्ही ठाण्यात मिसळ मागवली आणि हवालदारांनी तर्री दोनदा घेतली. इतका आनंद मला बढतीच्या दिवशीही झाला नव्हता.

या प्रकरणाने मला एक शिकवलं. पोलिसांशी खोटं बोलताना माणूस कचरत नाही, पण ज्याला तो खरोखर भितो, तिथे खरं बोलून मोकळा होतो. तपास करणाऱ्याने ती जागा शोधायची. पुढे कामगाराच्या मृत्यूची खबर आली, की काम पुन्हा सुरू कसं केलं, हे मी आधी विचारायचो.

निकालानंतर ती बाई मुलीला घेऊन ठाण्यात आली. मी खुर्ची पुढे केली, पण ती बसली नाही. मुलीच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाली, "मशीनची शांती तं त्यायनं तवाच केली, साहेब. माह्या माणसाची आज झाली."