दोरीला लागलेला हात

स्वतः काढलेली फिल्म डोळे मिटून पाहणारा माणूस मी एकच पाहिला. आबा परुळेकर. मुंबईच्या एका लहानशा फिल्म कंपनीत मी ध्वनिमुद्रक म्हणून नुकताच लागलो होतो. पडद्यावर त्यांनीच टिपलेला सनईवाला वाजवत होता आणि आबा खुर्चीत डोळे मिटून बसलेले. मला वाटलं, झोपले. इतक्यात आवाज आला, "आधी कान रे, मग डोळो."

आबा मूळचे विजयदुर्गचे. कंपनीच्या साहेबांशी शुद्ध मराठी बोलत, माझ्याशी मालवणी. मी कऱ्हाडचा, माशाच्या वासानेही तोंड फिरवणारा, त्यामुळे माझी थट्टा हा त्यांचा हक्कच होता. सारी हयात त्यांनी गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांच्या फिल्म काढण्यात घालवली. त्या पाहायला कधी रांगा लागल्या नाहीत आणि त्याची आबांना खंतही नव्हती.

साठ सालच्या आसपास आम्ही तोंडवलीला गेलो. रापणीचं मोठं जाळं किनाऱ्यावर ओढताना तिथली माणसं गातात, ते गाणं आबांना लहानपणापासून हवं होतं. रीळ एकच उरलेलं, आणि आठवड्यात परत या अशी साहेबांची तार. मासळी मात्र येईना. चौथ्या दिवशी ऊन सुरेख होतं. न राहवून मीच रापणीचे म्होरके भिकू तांडेल यांना म्हटलं, "रिकामं जाळं ओढा की. कॅमेऱ्याला काय कळतंय?"

भिकूदादांनी मला खालपासून वरपर्यंत पाहिलं. "पाण्यात मासो नाय आणि गाणा म्हणाचा? दर्याक खोटा सांगूचा नाय."

मला वाटलं, आबा त्यांची समजूत घालतील. त्यांनी माझीच घातली. "बस गप. गाणा येतला तेवा येतला."

सहाव्या दिवशी सकाळी बांगडा लागला. कॅमेऱ्याची घरघर टेपवर येऊ नये म्हणून मी लांब उभा होतो. गाणं सुरू झालं आणि माझ्या अंगावर काटा आला. पण जाळं इतकं जड, की माणसं ढोपरापर्यंत वाळूत रुतली आणि दोरी उलटी पाण्याकडे सरकू लागली. भिकूदादा ओरडले, "आसत तितक्यांनी हात लावा रे!"

आबा कॅमेरा सुरू करणार, तेवढ्यात ही हाक. ते क्षणभर घुटमळले. मग कॅमेरा पेटीवर ठेवून धावले आणि दोरीला भिडले. "तू टेप सोडू नको!" एवढंच मला म्हणाले. मी सोडली नाही, पण संतापलो होतो. ज्या चित्रासाठी हा माणूस जन्मभर थांबला, ते टिपायला कोणीच उरलं नव्हतं.

दोरीला हात लावील त्याला मासळीचा वाटा, ही तिथली रीत. आबांपुढेही बांगड्यांचा ढीग पडला. मग त्या एकुलत्या रिळावर त्यांनी दोरीने सोललेले तळवे टिपले, एकेकाचे. शेवटचा त्यांचा स्वतःचा. तो मी टिपला.

मुंबईत फिल्म पाहून साहेब म्हणाले, "ओढणारी माणसं कुठायत?" फिल्म कपाटात गेली. आबांनी ती मागून नेऊन तोंडवलीच्या शाळेत चादरीवर दाखवली. गाणं चाललेलं आणि माणसं उठून उठून ओरडत होती, "ह्यो माझो हात!" त्या संध्याकाळी आबांचे डोळे उघडे होते. पडद्याकडे नाही, माणसांकडे.

चार वर्षांनी आबा गेले. ते सांगायला मी तोंडवलीला पोचलो, तेव्हा रापण ओढत होते. भिकूदादांना बातमी सांगितली. त्यांनी दोरीवरचा हात काढला नाही, फक्त सरकून शेजारी जागा केली. मग म्हणाले, "हात लाव." मी लावला. वाटे पडले तेव्हा माझ्यापुढे दोन ढीग होते. "ह्यो तुझो. ह्यो आबाचो. घराक पोचव."

बांगड्यांना मीठ लावून मी विजयदुर्गची एस्टी धरली. आबांच्या घरी वहिनींनी, त्यांच्या बायकोने, पिशवी उघडून पाहिली आणि चुलीवर तवा ठेवला. जरा वेळाने विचारलं, "तुमी खातास?"

"आज खातो," मी म्हटलं.

पण तळवे सोललेले. काटे काढता येईनात. वहिनींनी माझे हात पाहिले. "ह्यांचेय असेच झालेले," त्या म्हणाल्या आणि बांगडा सोडवून एकेक घास माझ्या ताटात ठेवू लागल्या.