दिवाळसणाचं त्रैराशिक

माझ्या सासऱ्यांचा गोठा मी त्रैराशिकाने पाडला.

स्वातंत्र्याच्या आदल्या वर्षीची गोष्ट. लग्नानंतरचा पहिला दिवाळसण म्हणून मी साताऱ्याहून इस्लामपूरकडच्या सासुरवाडीला गेलो होतो. मी शाळामास्तर, तर सासरे पलटणीतून घरी परतलेले हवालदार. मी त्यांना मामा म्हणायचो. मामांचा जगात कुणावरच विश्वास नव्हता. पायताण घालण्याआधी ते दोनदा झटकत (एकदा झटकलं की विंचू नुसता सावध होतो, असं त्यांचं म्हणणं).

त्या सकाळी परड्यातला वाळलेला लिंब पाडायचा होता. एकीकडे घर, दुसरीकडे विहीर, तिसरीकडे शेजाऱ्याचं कुंपण. तेव्हा पाडायचा तो गोठ्याच्याच दिशेने. गोठा झाडापासून सोळा हातांवर होता आणि त्याची कौलं नवीकोरी होती.

"आधी कौलं उतरवू," मामा म्हणाले. "झाड गोठ्यावर येतंय."

"कशाला मामा? सावलीवरून उंची काढतो ना मी."

"सावलीवरनं?" त्यांनी पायताणाकडे बघावं तसं माझ्याकडे बघितलं.

मी चार हातांची काठी जमिनीत रोवली. तिची सावली भरली आठ हात. म्हणजे सावली उंचीच्या दुप्पट! आता झाडाची सावली मोजायची आणि निम्मी करायची, की झालं. एवढ्यात सासूबाईंनी न्याहरीला हाक मारली.

दिवाळसणाच्या जावयाची न्याहरी ती! एक लाडू नको म्हटलं की ताटात दोन पडायचे. करंज्या झाल्या, चकल्या झाल्या, मग चुलत सासूबाई त्यांच्या घरचं ताट घेऊन आल्या. कसाबसा उठलो तेव्हा ऊन चांगलंच चढलं होतं. नव्या धोतरात रांगत मी झाडाची सावली मोजली.

"पाव्हण्यांचं काय हरवलंय का?" शेजाऱ्याने कुंपणावरून संशयाने विचारलं.

सावली भरली चोवीस हात. झाड बारा हात.

"बाराच?" मामा म्हणाले. "डोळ्याला लय उंच दिसतंय."

"डोळा फसेल मामा. गणित फसत नाही."

मामा गोठ्यात गेले, म्हैस सोडली आणि रस्त्यापलीकडे बांधून आले.

मला फार लागलं ते. "माझ्यावर विश्वास नाही का?"

"हाय की. पर म्हस कुठं शाळंत गेलीय?"

करवत चालली. झाड कडाडलं आणि थेट गोठ्याच्या आढ्यावर येऊन बसलं. कौलांचा चुरा झाला, आढं मोडलं. धूळ खाली बसली तसे सगळे गोठ्याकडे धावले. माझी चौथी पास बायको मात्र काठीपाशी जाऊन वाकली.

"आवं, काठीची सावली न्याहरीआधी मोजली, आन् झाडाची न्याहरीनंतर? ही बघा की, किती आखडलीय."

काठीची सावली आता पाच हातांचीही नव्हती. मेल्याहून मेल्यासारखं झालं मला.

गोठा पुढे पुन्हा उभा राहिला, आणि यथावकाश मी हेडमास्तरही झालो. शाळा तपासायला आलेले साहेब माझ्या गणिताची तारीफ करतात. पण सासुरवाडीच्या वळणावर मी दिसलो, की मामा आधी म्हैस सोडून रस्त्यापलीकडे बांधतात आणि मगच मला "या" म्हणतात.