दादांकडे पाठवलेला मसुदा

संरक्षण धोरणावर लिहिणारा माणूस शेवगावात राहतो, हे दिल्लीकरांना खरं वाटत नाही. मला मात्र इथेच सुचतं. लेख छापायला देण्याआधी त्याची कागदावरची प्रत पाथर्डीला चुलतभावाकडे जायची. दादा सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले. मोबाईलवर ते वाचत नाहीत, आणि माझी एकही थाप त्यांच्यापुढे टिकत नाही.

गेल्या थंडीत एका गृहस्थाचे फोन सुरू झाले. स्वतःला संशोधक म्हणवायचा. बोलणं नको इतकं गोड, तिथेच मला खटकलं. एकदा त्याने सहज म्हणून एक मुद्दा विचारला. तो मुद्दा मी लेख छापायला देण्याआधीच काढून टाकला होता. ठाऊक होता फक्त मला आणि दादांना.

माझं डोकंच फिरलं. दादांचा स्वभाव मोकळा, माजी सैनिकांच्या कट्ट्यावर रोजची ऊठबस, कुणाशीही गप्पा. एरवी आवडणाऱ्या या गोष्टी मला एकदम पुराव्यासारख्या दिसायला लागल्या. मग आमच्या धंद्यातली जुनी युक्ती केली. पुढच्या मसुद्यात एक धादांत खोटी गोष्ट घुसडली, की नगरजवळच्या लष्करी सराव मैदानालगतचा एक रस्ता कायमचा बंद होणार. ती प्रत पाकिटात घालून फक्त दादांकडे पाठवली.

काही दिवसांनी संशोधकाचा फोन आला. त्याने नेमकं त्या रस्त्याबद्दलच विचारलं.

तडक जीप पकडून पाथर्डी गाठली. वाटभर मनातल्या मनात भांडत होतो. दादा ओसरीवर काळा चष्मा लावून बसले होते. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं, मला कळवलंही नव्हतं. मी टेकायच्या आधीच सगळं तोंडावर विचारून टाकलं.

त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि सुनेला कपाटातलं पाकीट आणायला सांगितलं. ते अजून फोडलेलंही नव्हतं.

"सूनबाई वाचून दाखवते म्हनली हुती," दादा म्हणाले. "मीच न्हाई म्हनलो. तुझ्या कामाचं हाय, तिसऱ्याच्या कानावर कशाला?"

मसुदा टाईप झाला होता तो माझ्या लॅपटॉपवर. म्हणजे गळती तिथूनच होती, आणि सायबर सुरक्षेवर मी पानंच्या पानं लिहिली आहेत. मेल्याहून मेल्यासारखं झालं. डोळे बरे झाले की वाचा, तोवर लेख थांबवतो, असं काहीतरी मी पुटपुटलो.

दादांनी पाकीट माझ्या हातात ठेवलं.

"आता दुसरं कुनीतरी बघ," ते म्हणाले, आणि सुनेला माझ्यासाठी चहा टाकायला सांगितला.