ऊबगोट्यातला ताप

लिहिण्याची मला सवय नाही. आयुष्यभर शाळेत विज्ञान शिकवले आणि साठीनंतर ही वही उघडली. त्यामुळे सांगायचे आहे ते नीट मांडता येईलच, अशी खात्री देता येत नाही.

आमगावपासून सायकलने पाऊण तासावर असलेल्या आमच्या गावात एक दगड आहे. गावाचे तळे खोदताना तो आमच्या पूर्वजांना सापडला, असे सांगतात. लिंबाएवढा, काळपट, हातात घेतल्यावर अपेक्षेपेक्षा जड. त्याला ऊबगोटा म्हणतात. भात शिजायला लागतो तितका वेळ कुणी तो उघड्या तळहातात धरला, की त्या हाताची ऊब तो ठेवून घेतो. दुसरा हात तितकाच वेळ लागेपर्यंत, महिना लोटला तरी, ती सोडत नाही. हातात ताप असेल तर तापही. याचे कारण मला कोणत्याही पुस्तकात सापडले नाही, आणि तो कुणाकडे तपासायला नेण्याचे धैर्य मला कधी झाले नाही.

लेक सासरी निघताना तो तिच्या मुठीत देतात. ती गेल्यावर तिची आई तो धानाच्या कोंड्यात जपते. मरणाऱ्याच्या हातात देतात तो दूरच्या माणसासाठी, ज्याला वेळेत पोचता आले नाही त्याच्यासाठी. गावात गोटा एकच, म्हणून दुसऱ्या घराला गरज पडली की आपल्या माणसाची ऊब सोडावी लागते. कुणी नाही म्हणत नाही.

माय गेली तेव्हा माझी थोरली बहीण, जिला मी बाई म्हणते, रायपूरला, सासरी, पाय प्लास्टरमध्ये घालून पडून होती. शेवटचे तीन दिवस मायचा ताप उतरलाच नाही. बाबूजींनी गोटा तिच्या तळहातात ठेवून वरून फडके बांधले होते. ती गेल्यावर त्यांनी तो पळसाच्या पानात गुंडाळला, कोंड्याच्या टोपलीत ठेवला आणि मला बजावले, "हा तुया बाईचा हाय. पानं बदलत जा, पण हात नोको लावू."

पाने मी रोज बदलत असे. पदरातूनही तो चटका दिल्यासारखा लागे. चौथ्या दिवशी दुपारी घरात कुणी नव्हते. पुरुषमंडळी अस्थी घेऊन नदीवर गेली होती. चुलीवर भाताचे आधण होते. क्षणभर टेकवला तर काही बिघडत नाही, हे मला लहानपणापासून ठाऊक होते. मी तो तळहातावर घेतला. मायचाच हात होता. शेवटच्या तीन दिवसांत मी तिच्या कपाळावर पट्ट्या ठेवल्या, औषध दिले, पण हात हातात घेऊन बसले नव्हते. आमच्या घरात तशी रीत नव्हती, आणि मला संकोच वाटे. त्या दुपारी मात्र बसले. किती वेळ, ते करपल्याचा वास आला तेव्हा कळले. भात तळाला लागला होता. गोटा कोमट झाला होता, माझ्या हाताइतका.

संध्याकाळी बाबूजींनी पानावरूनच चाचपला. "थंडावून राहिला का हा?"

"थंडी पडली ना, बाबूजी," मी म्हणाले.

थंडीने गोटा निवत नाही, हे त्यांना माझ्यापेक्षा चांगले ठाऊक होते. त्यांनी टोपली झाकली आणि अंगणात जाऊन बसले.

दहाव्या दिवशी बहीण कुबड्या घेऊन आमगावला उतरली. घरात येताच तिने टोपली मागितली, गोटा गालाला लावला आणि डोळे मिटले. मी दाराशी उभी होते. बऱ्याच वेळाने तिने विचारले, "काऊन गे, जाताना तिचा ताप उतरला होता का?"

बाबूजी माझ्याकडे पाहत होते. मी म्हणाले, "हो, बाई."

"मंग शांतीनं गेली माही माय," ती म्हणाली, आणि आल्यापासून पहिल्यांदा रडली.

पुढच्या आठवड्यात गावातल्या एका लग्नघराने गोटा मागितला आणि आम्ही तो दिला. बाबूजींनी तो विषय कधी काढला नाही. काही वर्षांनी तेही वारले. बहीण मात्र दर फोनवर कुणाच्या ना कुणाच्या दुखण्याचा विषय काढी आणि म्हणे, आपल्या मायचा तरी ताप उतरला होता. सोळा वर्षे मी "हो" म्हणत आले.

गेल्या दिवाळीत तिला स्वतःला ताप आला होता. फोनवर ती पुन्हा तेच म्हणाली आणि मला ते "हो" उच्चारता आले नाही. मी सगळे सांगितले. दुपार, आधण, करपलेला भात.

पलीकडे टीव्हीचा आवाज होता, तो बंद झाला.

"किती होता ताप?"

"एकशे चार."

"पाणी मागे का?"

"मागत होती. घशाखाली उतरत नव्हतं."

"माहं नाव घेतलं का?"

"घेतलं."

ती म्हणाली, "तुनं कायले सांगतलं गे मले?" रागाने नव्हे, खरेच विचारावे तसे. मी फोन कानाशी धरून बसले होते. तिचा श्वास ऐकू येत होता, तापातला, भरभर चालणारा. आणि मग तिने फोन ठेवला.