टाळी न घुमणारा हॉल

जागा पाहायला गेलो की माझा धाकटा भाऊ आधी खोलीच्या मधोमध उभा राहून एक टाळी वाजवायचा. टाळी घुमली की तिथं व्हिडिओचा आवाज नीट येणार नाही, एवढं साधं. पण घरमालकांना कोण समजावणार? अकोल्याला जुन्या शहरात एका काकूंनी मला बाजूला घेतलं. "पोराचं बरं हाये ना? टाळ्या काहून वाजवून राहिला?" मी म्हटलं, स्टुडिओ काढायचाय आम्हाला. काकूंनी दुसऱ्याच दिवशी नकार कळवला.

आई-बाबा गेल्यावर घरात आम्ही दोघंच उरलो होतो. तो पुण्यात दुसऱ्याच्या स्टुडिओत राबून कंटाळून परतलेला. येतानाच म्हणाला, "ताई, उन्हाळा सरेपर्यंत जमलं तर इथंच. नाई तर मी परत जातो, मग मले अडवू नको." खरं सांगते, मला त्या कॅमेऱ्यांचं काही पडलं नव्हतं. मला तो घरात हवा होता, म्हणून मी एडिटिंग शिकले आणि त्याच्यामागं जागा पाहत फिरले.

सगळा हिवाळा त्यातच गेला. कुठं छत इतकं खाली की लाइटचा स्टँड पंख्याला अडकायचा. एका हॉलच्या मधोमध खांब होता. मालक म्हणतो, "खांबाले फुलं गुंडाळा ना." माझं डोकंच फिरलं. शेवटी आमच्याच अमरावतीत, परतवाड्याच्या रस्त्याला, एका बंद पडलेल्या नाचाच्या क्लासचा हॉल मिळाला. उंच छत, भिंतींना जाडजूड पडदे. टाळी वाजली आणि जागच्या जागी विरली. भावानं तिथल्या तिथं कॅमेरा लावून एक टेस्ट घेतली. आम्ही दुसरं काही पाहिलंच नाही.

एका स्पर्धा परीक्षेच्या सरांनी उन्हाळाभर आमच्याकडेच शिकवणीचे व्हिडिओ करायचं ठरवलं. आमचा सगळा भरवसा त्यांच्यावर होता. मग होळी झाली, आणि बिल्डिंगमधल्या सगळ्यांनी माळ्यावरचे कूलर काढले, खसच्या नव्या गवती जाळ्या बसवल्या, आणि खिडक्यांना लावले. त्या सगळ्या खिडक्या आमच्या हॉलभोवतीच्या बोळीत उघडत होत्या.

आता कोणी म्हणेल, एवढं कसं कळलं नाही? अहो, जन्मापासून त्या घरघरीत झोपलेली माणसं आम्ही. वऱ्हाडात कूलरचा आवाज आवाजात धरतच नाहीत. मायक्रोफोनला ते कोण सांगणार?

आम्ही खिडक्यांना गाद्या लावल्या. हॉलची भट्टी झाली, सरांचा शर्ट पाठीला चिकटला, आणि तरी आवाजात घरघर होतीच. मी दारोदारी जाऊन तासभर कूलर बंद ठेवा म्हणून विनवलं. एक आजी शांतपणे म्हणाल्या, "बाई, तुमच्या शिनेमासाठी आमी मराव का?" त्यांचंही काय चुकलं? माझाच जीव त्या भट्टीत कासावीस होत होता.

सर चांगले होते. व्हिडिओ ऐकून एवढंच म्हणाले, "मागं गिरणी सुरू असल्यासारखं वाटते." पुढचे व्हिडिओ त्यांनी नागपूरला केले. भावानं खिडक्यांच्या गाद्या काढल्या, हॉल सोडला आणि पुण्याला फोन लावला. मी अडवलं नाही. तसं ठरलंच होतं.

निघायच्या दिवशी तो बॅग भरत होता. मला म्हणाला, कॅमेऱ्याचं कार्ड रिकामं करून दे, तिकडं लागेल. मी हेडफोन लावून बसले. कार्डात अगदी पहिली ती टेस्ट होती. तो हॉलच्या मधोमध उभा राहून टाळी वाजवतो, थोडं थांबतो आणि कॅमेऱ्याकडे पाहून म्हणतो, "आयकलं का ताई, किती शांत हाये? आता मी कुठीच जात नाई."

माझ्या पाठीमागं घरचा कूलर जोरात सुरू होता, तरी शब्द न् शब्द ऐकू आला. बाहेरून त्यानं विचारलं, "झालं का?"

झालं म्हटलं. कार्ड रिकामं करून दिलं.