न्हाईवाले अण्णा

"बरंय ना?" असं अण्णांनी कधी कुणाला विचारलं नाही. नगरच्या कोर्टात अपघाताचे क्लेम चालवणाऱ्या आमच्या वकिलांचे ते कारकून. कुणी लंगडत आत आलं, की नमस्कार-चमत्कार बाजूला ठेवून ते वहीतून मान वर काढत आणि विचारत, "आता काय येत न्हाई?" म्हणून त्यांचं नावच न्हाईवाले अण्णा पडलं होतं. मला पहिल्या भेटीत हा माणूस भयंकर उर्मट वाटला.

माझ्या वडिलांना, आबांना तर रागच आला. मोटारसायकलवर दुधाचे कॅन घेऊन निघालेल्या आबांना पुणे रस्त्यावर टेम्पोनं मागून उडवलं होतं. उजवं मनगट चेंगरलं. हाड जुळलं, पण अंगठ्यात जोर उरला नाही. दाखल्यावर डॉक्टरांनी अपंगत्व पंधरा टक्के लिहिलं. तेवढ्यावरच भरपाई ठरली असती तर आमचं कठीण होतं, कारण घर चालत होतं ते सहा गाईंवर. पण घरी "येईल जोर हळूहळू" म्हणणाऱ्या आबांनी अण्णांनाही ठणकावलं, "मला सगळं येतंय."

अण्णांनी वाद घातला नाही. खिडकीतला ओला पंचा आबांपुढं टाकला. "पिळा." आबांनी डाव्या हातानं पंचा आवळला, उजवा नुसता वर ठेवला आणि मोठ्या ऐटीत चार थेंब काढले. अण्णांनी वहीत काहीतरी लिहिलं. आलेला माणूस चहाचा कप कुठल्या हातानं उचलतो, चप्पल कशी चढवतो, सगळं ते बघत. मला बाजूला घेऊन म्हणाले, "हाताचा टक्का डॉक्टर काढतो, ताई. धंद्याचा टक्का गाय काढती. पन ते यांनी सोताच्या तोंडानं सांगाया पायजे."

खोटं मात्र त्यांना खपत नसे. एकदा एक धडधाकट गडी कुबडी टेकत आला. अण्णा त्याला म्हणाले, "ज्याची हाय त्याला आदी नेऊन दे. त्याचं अडलं आसंल."

मी सुप्याच्या कंपनीत रजा टाकून आबांना तारखांना न्यायची. साक्षीच्या दिवशी विमा कंपनीच्या वकिलांनी उलटतपासाला गोड सुरुवात केली. "आता तब्येत कशी आहे, आबा?"

"बरं हाय साहेब, देवाच्या दयेनं."

"घरची कामं करता ना?"

"व्हय, करतो की."

मी कपाळावर हात मारला. विचारपूस केली, की तापानं फणफणलेला माणूसही आपल्याकडं बरंच म्हणतो. पण इथं ते टाइप होत होतं.

अण्णांना कोर्टात बोलायचा अधिकार नव्हता. ते मागच्या बाकावरून उठून आमच्या वकिलांच्या कानाशी लागले. वकिलांनी परवानगी घेऊन एकच प्रश्न विचारला, "आबा, धार कोण काढतं?"

आबांनी उजवा हात डाव्या हाताखाली झाकला. मग म्हणाले, "बायको." आणि पुढचं कुणी न विचारताच, "दुपारी घरी कुनी नसलं का मी बसून बघतो, साहेब. दोन वर्सं झाली. सड धरतो, पन अंगठा दाबत न्हाई. गाय मागं वळून बघती." एवढं बोलून आबा भर कोर्टात रडले. मला यातलं काही ठाऊक नव्हतं. आईलाही नव्हतं.

हात पंधरा टक्के अधू असला तरी धार काढणाऱ्याचा धंदा त्यानं जवळपास बुडालाच, असं निकालात मान्य झालं आणि भरपाई त्या मानानं ठरली. मी अण्णांच्या बाकावर मटकन बसले. इतके दिवस किती धास्तावले होते, ते मला तेव्हा कळलं. अण्णांना त्याचं कौतुक नव्हतं. "चला, निघा आता. धारंची वेळ व्हईल," म्हणाले. त्या पैशातून दूध काढायचं मशीन आलं. आबा ते डाव्या हातानं लावतात.

अण्णा गेल्या वर्षी गेले. दशक्रियेला कुणी काठीवर, कुणी वॉकर घेऊन आलं होतं. आमच्याकडं अशा वेळी पुढारी माइक सोडत नाहीत. पण त्यांच्यातून वाट काढत आबा पुढं गेले. ग्रामसभेतही कधी तोंड न उघडलेला हा माणूस!

"अण्णांनी मला भरपाई मिळवून दिली, आसं लोक म्हनत्यात," आबा म्हणाले. "ती तर दिलीच. पन हात आता परत येनार न्हाई, हे मला कळलं हुतं आन् मी घरात कुनाला सांगत नव्हतो. त्यांनी ते बोलाया लावलं. त्या दिवसापास्नं मला झोप लागती."