भिंतीवरचा बैल

लोटन पेंटरला चूक दाखवलेली खपायची नाही. पिंपळनेरजवळच्या एका शाळेच्या ओसरीत त्याने सिंधू संस्कृतीच्या मुद्रेवरचा बैल काढला, तेव्हा वशिंड पुस्तकाबरहुकूम उतरलं. पण ओकीबोकी शिंगं त्याला बघवेनात. त्याने ती लाल रंगवली, गोंडे बांधले, पाठीवर झूल घातली.

"भाऊ, त्या काळी झूल कुठली?" मुख्याध्यापिका उषामॅडमनी विचारलं.

"मॅडम, बैल शे ना तो?" लोटन उखडला. "मंग उघडा कसा ऱ्हाई?"

बैल तसाच राहिला. त्या प्राचीन शहरात पोळा व्हायचा, अशी शाळेतल्या पोरांची खात्रीच होऊन बसली.

पुढे गावात ट्रॅक्टर आले, गोठे रिकामे झाले. यंदा रंग उडाला म्हणून मॅडमनी लोटनला पुन्हा बोलावलं. "आता तरी पुस्तकातल्यासारखा काढा."

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी तो भिंत खरवडायला आला आणि थबकला. बैलाच्या कपाळावर कुंकू होतं, तोंडाला पुरणपोळीचं तूप.

ओसरी झाडणाऱ्या पुष्पाबाई ओशाळून म्हणाल्या, "आमना गोठामा आते बैल नई, भाऊ. बठ्ठा, सारा गावना हाऊच एक बैल."

चित्र दाखवायला आणलेलं पुस्तक मॅडमनी मिटलं.

"भाऊ, शिंगांचा लाल रंग फारच उडालाय," त्या हळूच म्हणाल्या. "आधी तो द्या."